‘एकोणचाळीस मिनिटांचे युद्ध’ : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

‘एकोणचाळीस मिनिटांचे युद्ध’ ही माझी दीर्घकथा मुंबईत घडते आणि तिच्यातील लढाई जमिनीसाठी किंवा गादीसाठी नसून वेळेच्या मालकीसाठी आहे. वाचकांकडून येणाऱ्या प्रश्नांतील निम्मे प्रश्न ‘हे खरेच घडले होते का?’ या एकाच शंकेभोवती फिरतात, म्हणून पुढील उत्तरांत इतिहास कोठे संपतो आणि कल्पना कोठे सुरू होते हे शक्य तेथे सांगितले आहे. कथा अजून वाचली नसेल त्यांनी शेवटाविषयीचा प्रश्न वगळावा.

कथा थोडक्यात काय आहे?

१ जानेवारी १९०६ रोजी हिंदुस्थानात नवी प्रमाणवेळ लागू झाली आणि ती मुंबईच्या स्वतःच्या वेळेपेक्षा ३९ मिनिटे पुढे होती. एवढा इतिहास आहे. काटे पुढे ढकलले गेल्यामुळे शहरातील प्रत्येक माणसाची ३९ मिनिटे जगायची राहून गेली, ती नष्ट न होता शिल्लक उरली आणि ज्यांना हे प्रथम उमगले त्यांनी ती गोळा करण्यास सुरुवात केली, हे माझे गृहीतक आहे. कथा जानेवारी १९०६ ते जुलै १९०८ या काळात, मुख्यतः परळ, लालबाग, फोर्ट आणि कुलाबा येथे घडते.

३९ हाच आकडा का?

पृथ्वीला एक अंश फिरण्यास चार मिनिटे लागतात. प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावरून, म्हणजे मिर्झापूरजवळून जाणाऱ्या रेषेवरून ठरवली गेली. मुंबई त्या रेषेच्या पश्चिमेला पावणेदहा अंशांहून किंचित कमी अंतरावर आहे. त्यामुळे ग्रिनिचच्या पुढे प्रमाणवेळ साडेपाच तास आणि मुंबई वेळ ४ तास ५१ मिनिटे. दोहोंतील फरक ३९ मिनिटांचा आहे. जुन्या मापात (२४ मिनिटांची एक घटका, साठ पळांची एक घटका) तो १ घटका आणि साडेसदतीस पळे इतका भरतो. कथेत हा आकडा अनेकदा येतो, तेव्हा तो काही गूढ मंत्र आहे असा काही वाचकांचा समज होतो, पण तो साधा भागाकार आहे.

मुंबईत घड्याळांवरून खरोखर भांडण झाले होते का?

झाले होते, आणि तेही एकदा नव्हे. रेल्वेचे जाळे पसरू लागले तेव्हा गावागावांच्या वेगवेगळ्या वेळांवर गाड्या चालवणे अशक्य झाले आणि रेल्वेने मद्रासच्या वेधशाळेची वेळ स्वीकारली. ती मुंबईच्या अर्धा तास पुढे होती. म्हणजे स्टेशनात एक वेळ आणि स्टेशनाबाहेर दुसरी, अशी व्यवस्था मुंबईकरांच्या अंगवळणी पडलेली होती आणि त्यात कोणालाही अपमान वाटत नव्हता. १८८१ मध्ये गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी मद्रास वेळ सरकारी कचेऱ्यांनाही लागू केली, तेव्हा मात्र शहरात विरोध उसळला आणि पुढे तो आदेश मागे घ्यावा लागला. (पुण्यातील महाविद्यालयाला ज्यांचे नाव आहे तेच हे गृहस्थ. मुंबईच्या घड्याळांशी त्यांचे जमले नाही.)

दुसरी फेरी १९०६ ची. १८८४ मध्ये वॉशिंग्टन येथील परिषदेने ग्रिनिचची रेषा शून्य रेखांश म्हणून मान्य केल्यानंतर जगभर प्रमाणवेळा येऊ लागल्या होत्या, आणि शास्त्राच्या दृष्टीने हिंदुस्थानसाठी साडेपाच तासांचा पर्याय वाजवीच होता. परंतु तो वंगभंगानंतर अवघ्या काही आठवड्यांनी लागू झाला आणि लोकांना न विचारता वरून उतरलेल्या आणखी एका हुकुमासारखा वाटला. जानेवारी १९०६ मध्ये मुंबईतील कापडगिरणीच्या कामगारांनी नव्या वेळेविरुद्ध काम बंद केले आणि दगडफेकही झाली. महापालिकेच्या घड्याळांवर मुंबई वेळ दीर्घकाळ टिकून राहिली. स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे ती शहरातून पूर्णपणे गेली नव्हती. कलकत्त्यानेही आपली वेळ, जी प्रमाणवेळेच्या २४ मिनिटे पुढे होती, १९४८ पर्यंत सोडली नाही.

तेव्हा काल्पनिक आहे ती मिनिटांची साठवण. भांडण मला रचावे लागले नाही.

‘साडेसत्तावन्न वर्षांचा साठा’ हा हिशेब कोठून आला?

१९०१ च्या जनगणनेत मुंबईची लोकसंख्या ७,७६,००६ होती. प्रत्येकी ३९ मिनिटे धरली तर तीन कोटी दोन लाखांहून अधिक मिनिटे, म्हणजे पाच लाख तासांच्या वर, म्हणजे सुमारे साडेसत्तावन्न वर्षे होतात. कथेतील कुलाब्याचा दलाल हाच हिशेब पेढीवरच्या वहीत मांडतो आणि शेवटच्या आकड्याखाली दोन रेघा ओढतो.

एका वाचकाने दाखवून दिले की ज्यांनी महापालिकेच्याच घड्याळावर दिवस काढला त्यांची मिनिटे हरवलीच नाहीत, म्हणून साठा इतका मोठा असू शकत नाही. आक्षेप अगदी बरोबर आहे, आणि चौथ्या प्रकरणातील भांडण नेमके त्यावरच पेटते: साठा वाढवायचा असेल तर अधिकाधिक लोकांना नव्या वेळेवर आणणे भाग आहे. प्रमाणवेळेचा प्रचार करणाऱ्यांतील काही जण शास्त्राच्या प्रेमापोटी तो करत नाहीत, हे वाचकाला तेथे कळते.

कोणाला ही मिनिटे हवी आहेत, आणि कशासाठी?

सर्वांत मोठे गिऱ्हाईक कापसाच्या सट्ट्यातील व्यापारी आहेत. १८७० मध्ये समुद्राखालील तारेने मुंबई लंडनशी जोडली गेली आणि लिव्हरपूलचा कापसाचा भाव त्याच दिवशी मुंबईत कळू लागला. तार हातात पडणे आणि भाव बाजारात फुटणे यांच्यामधील काही क्षणांवर माणसे गब्बर झाली किंवा बुडाली. अशा माणसाला त्या फटीत ३९ मिनिटे घुसवता आली, तर तो त्यांच्यासाठी काय मोजणार नाही? कथेत मिनिटांचा भाव ठरतो तो येथे.

गिरणीमालकांना ती यंत्रे अधिक वेळ चालवण्यासाठी हवी आहेत. सरकारला ती वापरायची नाहीत, फक्त इतर कोणाच्या हाती पडू द्यायची नाहीत. आणि ज्यांची ती मुळात आहेत त्या गिरणगावच्या लोकांना, निदान पहिली दोन प्रकरणे, आपले काही गेले आहे याचा पत्ताच नाही.

वेळेवर ताबा मिळवला म्हणजे भूतकाळात जाता येते का?

नाही. ही कथा कालप्रवासाची नाही आणि तसे समजून वाचल्यास निराशा होईल. ज्याच्याकडे मिनिटे आहेत त्याच्यासाठी ती खर्च होईपर्यंत बाकीचे शहर थांबलेले राहते. त्या अवधीत तो चालू शकतो, लिहू शकतो, चोरी करू शकतो, झोपू शकतो, पण घडून गेलेली कोणतीही गोष्ट बदलू शकत नाही. खर्च केलेले मिनिट परत येत नाही. आणि ते वापरणाऱ्याचे वयही तेवढ्याने वाढते, ही अट दलालाला फार उशिरा लक्षात येते.

दुसरा नियम असा की मिनिटे हिसकावून घेता येत नाहीत. मूळ मालकाचा अंगठा लागतो. तो मिळवण्याची सोपी जागा म्हणजे गिरणीचे मस्टर (हजेरीपट), कारण तेथे हजारो माणसे रोज काय लिहिले आहे ते न वाचता अंगठा उठवतात. सावकाराच्या वहीतही मिनिटे गहाण पडतात आणि त्यावर व्याज चढते. भूत, पिशाच किंवा यंत्रमानव यांची मला गरज भासली नाही. कर्जरोख्यात पुरेशी भीती असते.

दोन घड्याळे बाळगणारा मुकादम खरा होता का?

तो मुकादम काल्पनिक आहे. असा प्रकार अमुक गिरणीत घडला असा माझा दावा नाही. प्रसंग मात्र कथेचा कणा आहे, म्हणून त्याबद्दल सविस्तर लिहितो.

पहाटेच्या अंधारात भोंगा होतो. मुकादम दारावर उभा राहून कोटाच्या उजव्या खिशातले घड्याळ काढतो. ते प्रमाणवेळ दाखवते आणि त्यात सहा वाजले की दार बंद. मागून धावत आलेल्याचा खाडा. मुंबई वेळेनुसार तेव्हा पाच वाजून एकवीस मिनिटे झालेली असतात. संध्याकाळी त्याच दारावर तोच मुकादम डाव्या खिशातले घड्याळ काढतो. ते मुंबई वेळेवर आहे, आणि त्यात सहा वाजल्याखेरीज कोणालाही बाहेर सोडले जात नाही. पगार बारा तासांचा, काम बारा तास एकोणचाळीस मिनिटांचे. महिन्याच्या २६ दिवसांत जवळजवळ सतरा तास फुकट. यात कोणतीही जादू नाही, आणि मिनिटांच्या साठवणीची सगळी कल्पना मला या दोन खिशांवरून सुचली, साठवणीवरून खिसे सुचले नाहीत.

त्या काळी गिरण्यांत विजेचे दिवे येऊ लागले होते. त्याआधी उजाडण्यापासून मावळेपर्यंतचा दिवस ही कामाची नैसर्गिक मर्यादा होती. दिव्यांनी ती पुसून टाकली आणि कामाचे तास वाढले. कापडगिरण्यांतील प्रौढ पुरुषांसाठी बारा तासांची कायदेशीर मर्यादा १९११ च्या कायद्याने आली, म्हणजे कथेच्या काळात ती नव्हतीच. कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या प्रयत्नांनी १८९० मध्ये रविवारची सुट्टी पदरात पडली होती, तेवढा एक दिवस कामगाराचा स्वतःचा होता. वेळेचा झगडा मुंबईला नवा नव्हता हे त्यावरून दिसेल.

चोरी प्रथम एका बाईच्याच लक्षात कशी येते?

बायकांना १८९१ च्या कायद्याने दिवसाला अकरा तासांची मर्यादा होती, त्यामुळे प्रौढ कामगारांत मोजून पाहण्याजोगा आकडा फक्त त्यांच्याकडे होता. वाइंडिंग (सूत गुंडाळण्याच्या) खात्यातील ही बाई रत्नागिरीकडची आहे. तिच्या चाळीतील शेजारची म्हातारी लग्नकार्यात घटिकापात्र सांभाळणाऱ्या घरातली. तांब्याच्या वाटीच्या बुडाला बारीक भोक, वाटी पाण्यावर सोडली की भरत भरत चोवीस मिनिटांनी बुडते. बाई गिरणीत गेल्यापासून म्हातारी घंगाळाजवळ बसते आणि प्रत्येक बुडीला एक चिंचोका बाजूला ठेवते. अकरा तासांचे साडेसत्तावीस चिंचोके व्हायला हवेत. जाण्यायेण्याचा वेळ वजा करूनही एकोणतीस होतात आणि वाटी पुन्हा भरू लागलेली असते. म्हातारी म्हणते, “बाय, माझी वाटी खोटं बोलत नाही, तुझा भोंगा बोलतो.”

हे वाक्य अनेकांना आवडले असे कळले. मला स्वतःला त्यानंतरचे पान अधिक जमले आहे असे वाटते, ज्यात दोघी चिंचोके पुन्हा पुन्हा मोजतात आणि कोणीच काही बोलत नाही.

राजाबाई मनोऱ्याला एवढे महत्त्व का?

कारण तो दिसतो. मुंबई विद्यापीठाच्या आवारातील सुमारे २८० फूट उंचीचा हा घड्याळाचा मनोरा १८७८ मध्ये पूर्ण झाला, त्यासाठी प्रेमचंद रायचंद यांनी देणगी दिली आणि त्याला आपल्या आईचे नाव दिले. त्या अंध होत्या, सूर्यास्तापूर्वी जेवण्याचा जैन नेम पाळत, आणि घंटेच्या ठोक्यांवरून त्यांना वेळ कळावी असा हेतू होता, असे सांगतात. सूर्यासाठी बांधलेले घड्याळ साहेबाच्या रेषेवर चालवायचे की नाही, हा कथेतील वाद या आख्यायिकेवर उभा आहे. मनोऱ्यावरील रात्रीची झटापट संपूर्णपणे माझी कल्पना आहे. तेथे कोणी पडून मेल्याची नोंद शोधू नये.

पंचांगकर्ते कोणत्याच बाजूला का नाहीत?

पंचांगाचा दिवस सूर्योदयापासून सुरू होतो. कचेरीच्या घड्याळाने काहीही दाखवले तरी तिथी सरकत नाही, त्यामुळे कथेतील जोशीबुवांना या युद्धात हरण्याजोगे काही नाही, आणि म्हणूनच दोन्ही बाजू त्यांच्या दाराशी खेटे घालतात. ते मात्र स्वतःच्या घरच्या भांडणात गुंतलेले आहेत. तेही भांडण खरे आहे. केरो लक्ष्मण छत्रे यांच्या गणितावर आधारलेले पटवर्धनी पंचांग १८६५ पासून निघू लागले, पुढे टिळकांनी त्या बाजूने वजन टाकले, आणि राशिचक्राचा आरंभ कोणत्या बिंदूपासून धरायचा यावर महाराष्ट्रातील विद्वान वर्षानुवर्षे भांडले. त्याचा परिणाम असा की आजही टिळक पंचांग मानणाऱ्या कोकणातील काही घरांत अधिक मास वेगळा येतो, आणि एखाद्या वर्षी गणपती शेजाऱ्यांपेक्षा महिनाभराच्या अंतराने बसतात. मुंबईच्या सरकारला ३९ मिनिटांचा फरक सहन होत नव्हता. आपण महिन्याचा फरक पचवून मोदक खाल्ले.

पारशी घड्याळजी तटस्थ का राहतो?

त्याच्या समाजात शहेनशाही आणि कदमी ही दोन पंचांगे अठराव्या शतकापासून एका महिन्याच्या फरकाने चालत आली आहेत. दोन वेळांत राहण्याची त्याला सवय आहे.

टिळक, फिरोजशहा मेहता यांच्यासारखी माणसे पात्रे म्हणून का येत नाहीत?

ज्यांचे शब्द नोंदलेले आहेत त्यांच्या तोंडी माझे शब्द घालणे मला रुचत नाही. त्यांची नावे बाजारातील बोलण्यात आणि वर्तमानपत्राच्या वाचनात येतात, तेवढे पुरे. कल्पित पात्रांनाही मी नावे दिलेली नाहीत, ती धंद्याने ओळखली जातात, कारण कथा मस्टरच्या नजरेतून सांगितली आहे आणि मस्टर माणसाला खाते आणि नंबर यांपलीकडे ओळखत नाही. हा निर्णय काहींना कोरडा वाटला. तो बदलण्याचा विचार नाही.

शेवट जुलै १९०८ मध्येच का? (शेवट उघड होतो.)

२२ जुलै १९०८ रोजी टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली आणि मुंबईच्या गिरणीकामगारांनी एका वर्षामागे एक याप्रमाणे सहा दिवस काम बंद ठेवले. लष्कर रस्त्यावर आले, गोळीबार झाला, माणसे मेली. हा हिशेब मी रचलेला नाही; एका माणसाच्या सहा वर्षांची किंमत आपल्या सहा दिवसांत मोजण्याची ही कल्पना त्या कामगारांची होती, आणि वेळेची मालकी कोणाची या प्रश्नाला इतके रोकडे उत्तर मला दुसरीकडे कोठे आढळले नाही.

कथेत त्या सहा दिवसांत मस्टरवर एकही अंगठा उठत नाही. अंगठ्यावाचून गहाणखते निकामी होतात आणि शिल्लक राहिलेली मिनिटे मूळ मालकांकडे परत जातात. दलालाने खर्चून टाकलेली परत येत नाहीत, गोळीबारात मेलेल्यांची घेण्यास कोणी उरलेले नसते. ज्यांना मिळतात त्यांतील बहुतेक जण ती झोपून काढतात. ‘एवढे करून नुसते झोपले?’ असा तक्रारीचा सूर अनेक पत्रांत आहे. बारा-चौदा तास यंत्रावर उभे राहणाऱ्याने आणखी काय करावे अशी अपेक्षा आहे, हे मला कळलेले नाही.

युद्धात जिंकले कोण?

इतिहासात प्रमाणवेळ जिंकली आणि ती सोयीची आहे, याबद्दल माझा वाद नाही. आज ती दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेतील आण्विक घड्याळांवरून पाळली जाते. आसामच्या चहाच्या मळ्यांत मात्र अजूनही घड्याळ एक तास पुढे ठेवण्याची ‘बागान वेळ’ चालते, कारण तेथे सूर्य फार लवकर उगवतो आणि काम उजेडात उरकावे लागते.

दुसऱ्या महायुद्धावर पुढील भाग येणार आहे का?

तयारी चालू आहे. १९४२ ते १९४५ या काळात देशाची घड्याळे युद्धासाठी आणखी एक तास पुढे होती, आणि १४ एप्रिल १९४४ रोजी गोदीतील भीषण स्फोट घडला तोही याच काळात. अपघाताच्या मृतांवर कल्पना चढवताना हात आखडतो, म्हणून वेळ लागत आहे.

आज मुंबई वेळ कशी काढावी?

मोबाइलमधील वेळेतून ३९ मिनिटे वजा करावीत. मुंबईत सरासरीने सूर्य माथ्यावर येतो तो बारा वाजता नव्हे, बारा एकोणचाळीसला. नोव्हेंबरच्या सुरुवातीस त्याआधी पाव तासाहून अधिक, फेब्रुवारीच्या मध्यास पाऊण वाजल्यानंतर. गच्चीवर काठी उभी करून सर्वांत आखूड सावली केव्हा पडते ते पाहिल्यास कोणालाही पडताळा घेता येईल. पावसाळ्यात हा खटाटोप करू नये.

कथेचे अभिवाचन किंवा एकांकिका करता येईल का?

शाळा, महाविद्यालये आणि हौशी मंडळींना मानधनाची अट नाही. आधी कळवावे, एवढीच विनंती. संहिता वेळेत बसवण्यासाठी कापाकापी करावी लागते हे मला मान्य आहे. मनोऱ्यावरील झटापट गाळली तरी चालेल, ती करणे खर्चिकही आहे. मुकादमाचा आणि चिंचोक्यांचा प्रसंग मात्र गाळू नये, आणि मुकादमाला खलनायकी मिशा लावू नयेत. त्याचाही पगार त्याच मस्टरवर निघतो.